विहिरीच्या मुखाशीं: चिचेन इत्सा येथील एक दिवस

मोठ्या नगरांचीं नांवें बहुधा राजांवरून, देवतांवरून अथवा नद्यांवरून पडतात. मेक्सिको देशाच्या आग्नेय टोकास युकातान नांवाचें द्वीपकल्प आहे. तेथील एका प्राचीन राजधानीचें नांव मात्र विहिरीवरून पडलेलें आहे. चिचेन इत्सा हें तें नगर. माया भाषेंत ‘ची’ म्हणजे मुख, ‘चेन’ म्हणजे विहीर, आणि इत्सा हें तेथें नांदलेल्या लोकांचें नांव. ‘इत्सांच्या विहिरीचें मुख’ असा सबंध शब्दाचा अर्थ होतो. जगभरचे प्रवासी येथें येतात ते पायऱ्यापायऱ्यांचें उंच देऊळ पाहावयास. त्या देवळाचें चित्र आतां घरोघर पोंचलें आहे. विहिरीचें चित्र क्वचितच कोणाच्या पाहण्यांत असतें. परंतु नांव ठेवणाऱ्यांनीं देवळाचें नांव न घेतां विहिरीचें घेतलें, यांत मोठा अर्थ आहे, अशी आमची तें स्थळ पाहिल्यावर खात्री झाली. तोच अर्थ वाचकांपुढें ठेवावा, एवढाच या लेखाचा हेतु.

२०२५ च्या फेब्रुवारींत आमच्या चिरंजीवांनीं, जे टेक्सास प्रांतांत नोकरीस असतात, आम्हां उभयतांस आपल्या मुलाबाळांसह कान्कून या समुद्रकांठच्या शहरीं नेलें. तेथून चिचेन इत्सा सुमारें २०० किलोमीटर. सकाळीं जाऊन संध्याकाळीं परत येणाऱ्या प्रवासी मोटारी रोज निघतात. अशा एका मोटारींत आमची सात जागांची सोय झाली. बरोबर वाटाड्या म्हणून मिळालेले गृहस्थ वायादोलिद शहराजवळच्या एका खेड्यांतले. घरीं माया, शाळेंत स्पॅनिश आणि पोटासाठीं इंग्रजी, अशा तीन भाषा त्यांच्या जिभेवर होत्या. वाटेंत प्रांताची हद्द ओलांडतांच घड्याळ एक तास मागें घ्यावें लागतें. असा फुकटचा तास आमच्या सबंध नोकरींत कधीं हातीं लागला नव्हता!

आरंभींच एका गैरसमजाचें निरसन केलेलें बरें. आपल्याकडे पुष्कळ विद्वान् मंडळींच्या बोलण्यांत असें येतें कीं, माया लोक म्हणजे आपल्या मयासुराचे वंशज. महाभारतांत पांडवांची सभा मयासुरानें बांधिली. सूर्यसिद्धान्त हा ग्रंथहि सूर्यानें मयास सांगितला अशी कथा आहे. तेव्हां शिल्प आणि ज्योतिष या दोन्ही विद्यांत निपुण अशा ‘माया’ लोकांचें नांव ऐकून मन मोहांत पडतें, हें स्वाभाविक आहे. पण नामसादृश्य हा पुरावा नव्हे. त्यांची भाषा, त्यांची लिपि, त्यांचें पीकपाणी हीं सर्व त्यांच्याच भूमींत वाढलीं. दुसऱ्याचें कर्तृत्व आपल्या खातीं जमा करण्याची घाई करूं नये. आणि तशी आपणांस गरजहि नाहीं.

पाण्याचा अदृश्य देश

मोटारींतून दुतर्फा सपाट, बुटकें रान दिसत होतें. दोन तास झाले तरी नदी नाहीं, ओढा नाहीं, पूल नाहीं. सह्याद्रीच्या कुशींत वाढलेल्या माणसास हें चमत्कारिक वाटतें. कारण विचारतां उलगडा झाला. आपला काळा कातळ पाणी सहसा आंत घेत नाहीं, म्हणून तें नद्यांच्या रूपानें वरून धांवतें. युकातानची भूमि चुनखडीची. पावसाचें पाणी तिच्या फटींतून सरळ खालीं उतरतें, दगड हळूहळू विरघळवितें आणि भूमीच्या पोटांत गुहा व बोगदे कोरतें. नद्या आहेत, पण त्या पाताळगंगा आहेत. कोठें एखाद्या गुहेचें छत कोसळतें आणि गोल, खोल, उभ्या कडांचें कुंड उघडें पडतें. माया लोक त्यास ‘त्सोनोत’ म्हणत; स्पॅनिशांच्या तोंडीं त्याचें ‘सेनोते’ झालें. अशीं सेनोते या द्वीपकल्पांत हजारों आहेत. साक आक्तून नांवाची जी पाण्यांत बुडालेली गुहा आहे, तिची लांबी २०१८ सालीं शेजारची दुसरी गुहा तीस जोडलेली सांपडल्यावर ३४७ किलोमीटर भरली!

सुमारें ६ कोटि ६० लक्ष वर्षांपूर्वीं या द्वीपकल्पाच्या उत्तर किनाऱ्यावर एक प्रचंड अशनि आदळला आणि सुमारें १८० किलोमीटर व्यासाचें विवर पडलें. राक्षसी सरड्यांचा अंत त्याच सुमारास झाला. पुढें विवर बुजून वर चुनखडीचे थर चढले, पण त्याची कड आजहि ओळखूं येते: मेरिदा शहराभोंवतीं सेनोते एका मोठ्या कमानींत ओळीनें उभीं आहेत, तीं त्या विवराच्या काठावर. आपल्या बुलढाणा जिल्ह्यांतील लोणारचें सरोवर हेंहि अशनीच्याच आघातानें झालें; पण त्याचा व्यास दोन किलोमीटरांहूनहि कमी. आणखी एक नवल असें कीं, ज्या काळीं तिकडे हा आघात झाला त्याच काळीं इकडे दख्खनच्या पठाराचा काळा दगड लाव्हाच्या रूपानें थरावर थर पसरत होता. आपला सह्याद्रि आणि त्यांचें विवर असे समकालीन आहेत.

आकड्यांचें देऊळ

चिचेन इत्साची भरभराट इसवी सनाच्या नवव्या ते अकराव्या शतकांतील. मधोमध कुकुल्कान या पिसेंधारी नागदेवतेचें देऊळ आहे. नऊ टप्प्यांचा चौरस चढ, वर गाभारा, एकूण उंची सुमारें ३० मीटर. चारी बाजूंस जिने. प्रत्येकाच्या ९१ पायऱ्या. चोक ३६४, आणि माथ्यावरचा ओटा ही शेवटची पायरी धरली कीं वर्षाचे ३६५ दिवस पूर्ण होतात. मार्चांत व सप्टेंबरांत दिवस-रात्र समान होतात त्या सुमारास, सूर्य कलतांना उत्तरेच्या जिन्याच्या कठड्यावर उन्हाचे त्रिकोण उमटतात आणि खालीं कोरलेल्या नागाच्या फण्यापर्यंत एक तेजस्वी सर्प उतरतांना दिसतो. २००६ पासून देवळावर चढण्यास मनाई आहे, ती योग्यच होय. खालीं उभें राहून टाळी वाजविली असतां जिन्यावरून चिवचिवाटासारखा प्रतिध्वनि येतो. तो तेथील केत्साल पक्ष्याच्या आवाजासारखा असतो म्हणतात. बालमंडळींनीं टाळ्या वाजवून आम्हांस हैराण केलें.

माया लोकांचें गणित विसांच्या पटींत चालें. आपल्याकडे बाजारांत अद्यापि कोडीनें मोजतात, ती कोडी विसांचीच. ठिपका म्हणजे एक, आडवी रेघ म्हणजे पांच, आणि शून्यासाठीं शिंपल्यासारखें चिन्ह. शून्य हें भारताचें जगास देणें, असें आम्ही वर्गांत वर्षानुवर्षें सांगत आलों, आणि आपल्या परंपरेपुरतें तें खरेंच आहे. पण अथांग समुद्रापलीकडे, आपल्या वार्तेवांचून, दुसऱ्याहि एका बुद्धिमान् जातीस शून्य गवसलें होतें, हें मुलांस सांगितल्यानें आपलें कांहीं उणें होत नाहीं.

त्यांचें वर्ष विसा दिवसांच्या अठरा महिन्यांचें, वर अशुभ मानलेले पांच दिवस. त्याच्या जोडीस २६० दिवसांचें दुसरें चक्र, तें धार्मिक कृत्यांचें. दोन्ही चक्रें ५२ वर्षांनीं पुनः एका जागीं येतात. शुक्राची पांच आवर्तनें म्हणजे २९२० दिवस, आणि आठ वर्षें म्हणजेहि २९२० दिवस, हा मेळ त्यांनीं नुसत्या डोळ्यांनीं आकाश पाहून बसविला होता. त्यांच्या दीर्घ कालगणनेचा आरंभ इसवी सनापूर्वीं ३११४ मध्यें पडतो. आपल्या कलियुगाचा ३१०२ मध्यें. अवघें बारा वर्षांचें अंतर! येथेंहि मन मोहांत पडतें. पण दोन्ही आरंभ मागाहून गणित करून मागें नेलेले आहेत असें अभ्यासक मानतात, तेव्हां हा योगायोगच समजावा.

या विद्येचे ग्रंथ मात्र उरले नाहींत. १५६२ सालीं मानी या गांवीं दिएगो दे लांदा नांवाच्या ख्रिस्ती धर्मोपदेशकानें माया पोथ्यांची होळी केली. सबंध जातीच्या आज चार पोथ्या शिल्लक आहेत, त्याहि पुऱ्या नाहींत. ज्यांच्या घरीं पोथ्या लाल फडक्यांत बांधून ठेवण्याची चाल आहे, त्यांस या एका वाक्याचें दुःख अधिक समजावून सांगावयास नको.

आणि आतां विहिरीची गोष्ट. २०१५ सालीं मेक्सिकोच्या राष्ट्रीय विद्यापीठांतील भूशास्त्रज्ञांनीं जमिनींत विजेचा प्रवाह सोडून शोध केला, तेव्हां या देवळाच्याच पायाखालीं पाण्यानें भरलेली मोठी पोकळी असल्याचें आढळलें. म्हणजे एवढा दगडी डोंगर रचला तोहि एका झांकलेल्या कुंडावर!

दोन विहिरी

नगरांत दोन मोठीं सेनोते आहेत. दक्षिणेकडील इश्तोलोक हें नागरिकांच्या पिण्याचें. उत्तरेकडील देवाचें, तेथवर सुमारें ३०० मीटरांचा उंच बांधलेला जुना रस्ता जातो. माया भाषेंत अशा रस्त्यास ‘पांढरी वाट’ म्हणतात. आज त्या वाटेच्या दोन्ही बाजूंस मुखवटे आणि गालिचे विकणारांची गर्दी असते. आमच्या मोटारींतील निम्मी मंडळी तेथेंच अडकली. आम्ही मात्र काठापर्यंत गेलों.

सुमारें साठ मीटर रुंदीचें वर्तुळ, उभ्या पांढऱ्या कडा, आणि वीसएक मीटर खालीं हिरवें, निश्चल पाणी. यांत उतरण्यास वाट नाहीं आणि पोहण्याची परवानगीहि नाहीं. मेरिदा येथील अमेरिकेचे वकील एडवर्ड टॉम्सन यांनीं १९०४ पासून कांहीं वर्षें यंत्रानें याचा गाळ उपसला. त्यांत सोनें, तांब्याच्या घंटा, हिरवे मणि, धुपाच्या राळेचे गोळे आणि माणसांचीं हाडें निघालीं. पुष्कळ वस्तु त्यांनीं हार्वर्डच्या संग्रहालयास पाठविल्या. त्यांतील कांहीं पुढें मेक्सिकोस परत मिळाल्या.

सुंदर कुमारिका नटवून या कुंडांत लोटीत, अशी कथा पूर्वीं पुस्तकांतून सांगितली जाई. हाडांनीं ती खोटी ठरविली; तीं पुरुषांचीं, बायकांचीं आणि बरींचशीं मुलांचीं निघालीं. वाटाड्यांनीं आवाज न चढवितां एवढें सांगितलें, तेव्हां आमची नऊ वर्षांची नात काठाच्या दोरीशीं उभी होती. तिनें हळूच विचारलें, “आबा, त्या मुलांना पोहता येत नव्हतं का?” शाळेंत हजार प्रश्नांचीं उत्तरें दिलीं, या प्रश्नास आम्हांस उत्तर सुचलें नाहीं.

२०२४ सालीं या कुंडाजवळच्याच एका भुयारांत पूर्वीं सांपडलेल्या ६४ मुलांच्या अस्थींची आनुवंशिक तपासणी प्रसिद्ध झाली. तीं सर्व मुलगे होते. बहुतेक तीन ते सहा वर्षांचे. कांहीं एकमेकांचे नातलग, आणि त्यांत एकरूप जुळ्यांच्या दोन जोड्या. पावसासाठीं वा मक्याच्या पिकासाठीं हे बळी दिले गेले असावे, असा तर्क आहे. त्याच तपासणींत जवळच्या एका खेड्यांतील आजच्या माया रहिवाश्यांशीं त्या मुलांचें रक्ताचें नातें जुळलें. जी जात नष्ट झाली असें आपण पुस्तकांत वाचतों, ती नष्ट झालेली नाहीं. २०२० च्या शिरगणतींत मेक्सिकोंत युकातानी माया बोलणारे पावणेआठ लक्षांच्या आसपास भरले, आणि त्यांतील एक आमच्यापुढें छत्री धरून चालत होता.

अशा कृत्याचें समर्थन कोणीहि करणार नाहीं. पण तें समजावून घेतांना पाण्याचा विचार सुटूं नये. सरोवरांच्या तळचा गाळ तपासून शास्त्रज्ञांनीं दाखविलें आहे कीं, नवव्या व दहाव्या शतकांत या प्रदेशावर वारंवार दीर्घ अवर्षणें आलीं. १९७२ चा दुष्काळ आम्हीं शाळकरी वयांत पाहिला आहे. आटलेल्या विहिरीच्या तळाशीं वाटीनें पाणी भरणाऱ्या बायका पाहिल्या आहेत. तें एका वर्षाचें दुःख. पिढ्यान्‌पिढ्या आभाळ कोरडें राहिलें तर भयभीत माणूस देवापुढें काय ठेवील, याची कल्पना करवत नाहीं.

बेडूक आणि पाऊस

परततांना वाटाड्यांनीं आपल्या गांवची एक चाल सांगितली, ती ऐकून आम्ही थक्क झालों. पाऊस लांबला म्हणजे आजहि त्यांच्याकडे ‘चा चाक’ नांवाचा विधि होतो. रानांत फांद्यांचा मांडव घालून वेदी करतात, मक्याच्या भाकरी व मधाचें पेय ठेवितात, आणि वेदीच्या चार कोपऱ्यांखालीं चार लहान मुलगे बसवितात. गुरवानें मंत्र म्हणावयाचे आणि मुलांनीं बेडकांसारखें डरांव डरांव करावयाचें! बेडूक ओरडले म्हणजे पाऊस येतो, ही श्रद्धा.

आपल्या खेड्यांत पावसासाठीं धोंडी काढतात, मुलाच्या अंगास कडुनिंबाचा पाला बांधून त्यावर पाणी ओततात, कोठें कोठें बेडूकहि मिरवितात. आणि ऋग्वेदाच्या सातव्या मंडळांत तर बेडकांचें सबंध सूक्त आहे. पावसासाठीं त्याचा जप करावा असें जुने आचार्य सांगतात. आम्हीं वाटाड्यांस हें सांगितलें, तेव्हां ते प्रथम मोठ्यानें हंसले आणि मग गंभीर होऊन म्हणाले, “मग तुमच्याकडेहि बेडकांस ठाऊक आहे तर!” मयासुराच्या नात्यापेक्षां हें नातें आम्हांस अधिक खरें वाटतें. तहान सगळीकडे सारखी. म्हणून प्रार्थनाहि सारखी.

आधीं स्नान, मग स्नान

दुपारीं जवळच असलेल्या इक किल या सेनोत्याकडे मोटार गेली. हें स्नानास मोकळें आहे. कांठावर फलक असा कीं, पाण्यांत उतरण्यापूर्वीं प्रत्येकानें फवाऱ्याखालीं अंग धुतलेंच पाहिजे. उन्हासाठीं लावावयाचीं तेलें व मलमें चालावयाचीं नाहींत. स्नानासाठीं आधीं स्नान! आमच्या मंडळींस मौज वाटली. पण हें पाणी कोठून येतें व कोठें जातें हें ठाऊक झाल्यावर मौजेची जागा आदरानें घेतली. भूमीखालीं गोड्या पाण्याचा थर खाऱ्या पाण्यावर तरंगतो. तोच थर सगळ्या गांवांच्या विहिरींत आणि नळांत. एका कुंडांत टाकलेली घाण दुसऱ्या गांवाच्या घागरींत निघते.

दगडांत कोरलेल्या जिन्यानें सुमारें पंचवीस मीटर खालीं उतरलों. पायऱ्या ओल्या असतात. वडील माणसांनीं कठडा सोडूं नये. वरच्या गोल मुखांतून उन्हाचा खांब पाण्यावर पडला होता, वेलींचीं मुळें वरपासून पाण्यापर्यंत लोंबत होतीं, आणि काळे मासे पायांखालून निर्धास्त फिरत होते. लहानपणीं आम्ही पाठीस पत्र्याचा डबा बांधून मळ्यांतल्या विहिरींत पोहावयास शिकलों. आतां डब्याच्या जागीं तरंगावयाचा नारिंगी अंगरखा आला, आणि तो सक्तीचा आहे. पाणी थंडगार. पाय तळास लागावयाची आशा नाहीं. खोली चाळीस मीटरांच्या पुढें. आमच्या सौ. शेवटच्या पायरीवर बसून राहिल्या. त्यांनीं पाण्यास हात जोडले, ओंजळभर डोळ्यांस लाविलें, आणि म्हणाल्या, “इथं साबण नाही, निर्माल्य नाही, म्हणून देव आहे.” आम्हीं पाण्यांतून ऐकलें, आणि त्यांत आपल्या तीर्थक्षेत्रांवर किती बोल आहे तेंहि ओळखलें.

भोजनाविषयीं थोडें सांगणें अवश्य आहे. मका चुन्याच्या पाण्यांत भिजवून, वाटून, हातानें थापलेली तोर्तिया म्हणजे थेट आपली भाकरीच. काळा घेवडा स्वादिष्ट, पण तो पुष्कळदां डुकराच्या चरबींत परततात. शाकाहारी माणसानें आधीं विचारून घ्यावें. आणि तेथें आपण परके आहों असें मानण्याचें कारण नाहीं. मिरची, पेरू, पपई, सीताफळ, शेंगदाणे, रताळें, बटाटा हीं सर्व याच अमेरिका खंडांतून आपल्याकडे आलीं. एकादशीच्या फराळाचें अर्धें ताट तिकडचें आहे. आपल्या डहाणू-घोलवडचा चिकू मूळचा या रानांतला; त्याच्या टणक लांकडाचीं तुळयां माया देवळांच्या दारांवर हजार वर्षें टिकलीं आहेत.

विहीर कोणाची?

मेरिदाच्या आग्नेयेस होमुन नांवाचें माया गांव आहे, तें अशनीच्या विवराच्या काठावरील सेनोत्यांच्या ओळींतच बसलेलें. तेथें सुमारें ४९ हजार डुकरांचा एक कारखानाच उभा राहिला. इतक्या जनावरांचें मलमूत्र चुनखडींतून खालीं मुरणार आणि पाण्यांत मिसळणार, हें गांवकऱ्यांनीं ओळखलें. त्यांनीं गांवच्या मुलांच्या नांवानें न्यायालयांत दाद मागितली. २०१८ सालीं न्यायाधीशांनीं कारखान्याचें काम थांबविण्याचा हुकूम दिला आणि २०२१ सालीं मेक्सिकोच्या सर्वोच्च न्यायालयानें तो कायम केला. ज्या भूमींत एके काळीं पाण्यासाठीं मुलें दिलीं गेलीं असा तर्क आहे, त्याच भूमींत मुलांनीं उभें राहून पाणी राखलें, हा इतिहासाचा पालट त्या उंच देवळाइतकाच पाहण्यासारखा आहे.

तेथें जाणाऱ्या वाचकांनीं सकाळीं दारें उघडतांच पोंचावें, डोक्यास टोपी व जवळ पाणी ठेवावें, अंगास कांहीं न चोपडतां जावें, आणि दुकानांच्या रांगेंत न गुंततां पांढऱ्या वाटेनें काठापर्यंत जाऊन यावें. ज्यांस जाणें शक्य नाहीं त्यांचेंहि कांहीं अडत नाहीं. आपल्या गांवोगांवीं बारवा आहेत, कुंडें आहेत, जुन्या वाड्यांच्या मागीलदारीं आड आहेत. नळ आल्यापासून त्यांवर झांकणें पडलीं, आणि त्यांत काय काय पडतें हें बोलूं नये. येत्या उन्हाळ्यांत, घरचीं मुलें सुट्टीस जमलीं असतां, आजोबांनीं त्यांस घेऊन आपल्या आडाचें झांकण काढावें, आंत डोकवावें, आणि तो कोणीं खणला, किती पिढ्या त्याचें पाणी प्याल्या, हें सांगावें. मग एक दिवस सर्वांनीं मिळून गाळ काढावा. पावसाळ्यांत त्यांत पुनः पाणी चढेल तेव्हां बेडूक आपण होऊन येतील.